मागच्या पडवीतली सुपारी

“सदू, अरे टाक ना सुपारी! झोपलास काय? टाक म्हणतो ना!”

मेंदीच्या कुंपणावरून मी ओरडत होतो. माझ्या ओरडण्याने रेवदंड्याच्या किल्ल्यातले कावळे उठतात असं मी स्वतःच गावभर सांगत आलोय. त्या सकाळी मात्र पलीकडून काहीच आलं नाही. रोज उजाडताना डॉक्टर सदाशिवच्या मागच्या पडवीत पितळेच्या तपेलीत सुपारी पडायची, टण्ण... तो ती उजव्या पायाच्या बोटांत धरून उचलायचा आणि तपेलीत सोडायचा. तो आवाज ऐकल्याशिवाय मी चहा घेत नसे. पुन्हा ओरडणार इतक्यात सुमतीवहिनी पायरीवर आल्या. ओरडू नका, असा नुसता हात केला.

संक्रांत नुकतीच झाली होती. त्याला आता काही आठवडे लोटले. आमच्या चौलात माणूस गेला की लोक त्याचे गुण सांगतात. सदूचे गुण सांगायला मी नालायक माणूस, कारण माझं सांगणं दुपटीने ऐकून निम्म्यावर आणायची इथे सवय आहे. तरी सांगतो.

स्वातंत्र्य मिळालं त्या वर्षी सदू मुंबईत डॉक्टरी शिकत होता आणि पावलात अडकला होता. हृदय पाठ, मेंदू पाठ. तळपायातले बारीक बारीक स्नायू मात्र काही केल्या डोक्यात राहीनात. सुट्टीत आला की मला ओटीवर पालथा पाडायचा आणि माझ्या तळव्यावर टाकाने, निळ्या शाईने, ते सगळे काढायचा. गुदगुल्या अशा व्हायच्या, की माझ्या हसण्याने वाडीतल्या कोवळ्या सुपाऱ्या गळून पडल्या आणि त्या वर्षी आमचं पीक बुडालं.

“हलू नकोस! चार थर आहेत, बापू. वरचा उचलला की खालचा, तो उचलला की त्याच्या खालचा...”

“पाय आहे की हळदीच्या पानातला पातोळा?”

“गप्प. गांडुळासारखे चार असतात, त्यातला एक तू हसून वाकडा केलास.”

लॅटिन नावं राहीनात म्हणून आम्ही स्नायूंना गावातली नावं दिली. हाडांच्या फटींत दडून बसलेले, ते देवळातले म्हातारे. अंगठ्याला बाकीच्या बोटांकडे ओढून धरणारा एक असतो, त्याचा एक भाग पावलात अगदी आडवा पडलेला. त्याला सदूने माझं नाव दिलं. “सगळ्यांच्या आडवा येतो तो बापू.” परीक्षेत नेमका तोच विचारला. परीक्षकासमोर ‘बापू’ म्हणता म्हणता राहिलो, असं तो सांगायचा. मी सांगतो तेव्हा तो म्हणालाच होता, आणि परीक्षकाने मला भेटायला बोलावलं होतं.

पास होऊन तो गावीच परतला, ओटीवर दवाखाना मांडला. पण पावलाचं वेड काही गेलं नाही. जीभ बाहेर काढून बसलेल्या रोग्याला म्हणायचा, “ती आत घाला, आधी वहाणा काढा.” एकदा हिरू आला. हिरू म्हणजे आमच्या वाड्यांतला सुपारी पाडणारा. या पोफळीवरून त्या पोफळीवर झोका घेत जायचा, जमिनीला पाय लावायचा तो फक्त जेवायला. त्याच्या घोट्याच्या आतल्या बाजूला कोयता लागला. जखम भरली, पण बोटं मिटेनात.

“डागतर, पाय माजाच हाय का कुनाचा, त्येच कलत न्हाय.”

सदूने सोललेली सुपारी त्याच्या पायाशी ठेवली, बाजूला वहिनींची तपेली. “बोटांत धर आणि यात टाक.”

“सारा जलम झारावरनं पारली, आता पायानं उचलू?”

“उचल.”

एक पावसाळा गेला. हिरू रोज यायचा, घाम गाळायचा, सदूला शिव्या द्यायचा. आणि एका सकाळी, टण्ण! हिरू रडला, मी नाचलो, वहिनींनी दोघांना गूळ दिला. तेव्हापासून ती तपेली स्वयंपाकघरात परत गेली नाही.

मग एकदा ओहोटीच्या वेळी आम्ही दोघं रेवदंड्याच्या पुळणीवर चाललो होतो. मी कसलीशी थाप रंगात आणली होती. सदू मध्येच थांबला, मागे वळून ओल्या वाळूतल्या आमच्या पावलांकडे बघत राहिला. माझी पावलं म्हशीची असावीत तशी पसरट. त्याचं उजवं ठीक होतं. डाव्याची बोटं मात्र आखडून नुसती टोकं रुतली होती, आणि मधली वाळू जशीच्या तशी... पाऊल तिथे टेकलंच नव्हतं.

“चप्पल चावली असेल,” मी म्हणालो.

“डावीकडचा बापू गेला,” तो म्हणाला. “म्हातारेही चाललेत.”

रेवसहून लाँचने मुंबईला गेलो. मोठ्या डॉक्टरांनी त्याला टाचण्या टोचल्या, हातोडीने ठोकलं, आणि त्याला ठाऊक होतं तेच त्याला सांगितलं. यावर औषध नाही. हळूहळू वर चढत जाईल. येताना मी लाँचवर अखंड बोलत होतो. कोणाचं भूत, कोणाचा मासा, काय वाटेल ते. “बापू, जरा गप्प बस,” तो म्हणाला. आणि थोड्या वेळाने, समुद्राकडे बघत, “नको... बोल.”

जन्मभर मी तोंडाच्या जोरावर कामं केली. बुडणाऱ्या होडीला बोलून किनाऱ्याला लावीन अशी माझी ख्याती, म्हणजे मीच पसरवलेली. पण पुढे हाताच्या पंजातही त्याच्या अंगठ्याजवळचं मांस झडत गेलं, इंजेक्शनची सुई धरवेना, दवाखाना बंद झाला, आणि मी कुंपणाशी उभा. त्याला प्रत्येक स्नायूचं नाव ठाऊक, कोणता कधी सोडून जाणार तेही ठाऊक. पण एकही त्याला धरून ठेवता येईना. मला तर नावंही येत नव्हती. मुंबईहून आल्यापासून तो रोज सकाळी हिरूसारखी सुपारी उचलून बघायचा, मला फक्त ती पडलेली ऐकू यायची. “उजवा शाबूत आहे तोवर मी आहे,” असं तो एकदा बोलून गेला होता, तेवढं मी घट्ट धरलं. बाजारात सांगत सुटलो, डॉक्टर उजव्या पायाच्या बोटांनी सुपारी नुसती उचलत नाही, फोडतो! होळीपर्यंत हिरूबरोबर पोफळीवर चढेल!

पुढे तो आरामखुर्चीतच असायचा, पायांवर चादर. जीभ जड झाली होती. दिवाळीत मी विचारलं, “काय रे, उजवा काय म्हणतो?”

बराच वेळ लावून तो म्हणाला, “सकाळी... ऐकली नाहीस?”

“ऐकली की! अख्ख्या चौलाने ऐकली!”

तो हसला. त्याला हसू आलेलं मी त्यानंतर पाहिलं नाही.

त्याचं दिवसकार्य झाल्यावर मी मागच्या पडवीत गेलो. खुर्ची आत नेलेली. तपेली तिथेच भिंतीशी होती, आणि शेजारी ती सुपारी, हाताळून हाताळून गुळगुळीत झालेली. वहिनी उंबऱ्यापाशी तांदूळ निवडत होत्या. मला काहीतरी बोलायलाच हवं होतं.

“एक बरं झालं, वहिनी. उजवा पाय शेवटपर्यंत राहिला. आदल्या सकाळीसुद्धा पडली सुपारी. मी या कानांनी ऐकली.”

वहिनींनी एक खडा काढून बाजूला टाकला.

“गणपतीपासून मीच टाकत होते, भावजी,” त्या म्हणाल्या. “तुम्ही कुंपणाशी थांबलेले असता, असं हे म्हणायचे.”