शोभेचं तळं

शेजारच्या चिकूवाडीचे मालक प्रत्येक वाक्य ‘बरोबर ना, वहिनी?’ असं संपवतात आणि उत्तराची वाट न पाहता पुढे बोलत सुटतात. यंदा त्यांनी परसात पाळलेल्या दोन कासवांसाठी तळं बांधलं. जागा वास्तूप्रमाणे ईशान्येची, म्हणजे नेमकी दाट चिकूखाली. दिवसभर उन्हाचा कवडसा नाही. त्यात आतून गुळगुळीत निळ्या फरशा. तलासरीहून कामाला आलेली गवंड्याची बायको म्हणाली, “शेठ, कासवांना वर चढून अंग वाळवत बसायला दगड ठेवा.”

ते हसले. “कासव पाण्यातलंच जनावर. बरोबर ना, वहिनी?”

आठवड्यानं पाहिलं, तर दोन्ही कासवं फरशीवर नखं घासत धडपडत होती. मालक पाहुण्यांना सांगत होते, “बघा, नमस्कार करतायत!”

माझं डोकंच फिरलं. पाहुणे वळताच मी चिकूचा रिकामा क्रेट पाण्यात उपडा घातला, वर दगड ठेवला. दोन्ही कासवं लगेच चढली आणि माना लांब करून बसली.

सकाळी क्रेट गायब.

“तळ्याची शोभा जात होती. बरोबर ना, वहिनी?”

“नाही!” मी ओरडलेच. पण ते केव्हाच पुढचं बोलायला लागले होते.

क्रेट त्यांच्या अंगणात होता. स्वच्छ धुऊन, भर उन्हात वाळत ठेवलेला.