मिठाच्या पाण्याचा ग्लास

सदर बाजारात एका सराफाच्या जिन्याखाली बसून माळा ओवणाऱ्या काकांकडे मी कितीतरी वर्षांपासून जाते, पण त्यांचं नाव विचारायचं राहूनच गेलं. तेही मला नुसतं 'दीदी' म्हणतात. बोलतात ते दोरा दातात धरून, त्यामुळे अर्धे शब्द दातातच राहतात.

अंबराचा, म्हणजे झाडाचा चीक गोठून दगड झालेल्या पिवळ्या खड्याचा, मणी पारखायला त्यांच्यापुढे मिठाच्या पाण्याचा ग्लास असतो. खरा अंबर तरंगतो, नकली तळाला जातो. नकली मणी बुडाला की काका तो तिथं क्षणभरही राहू देत नाहीत. बाही भिजली तरी चालेल, पण आधी तो बाहेर काढून पुसतात.

त्यांचा मुलगा परदेशात, थंड समुद्रात बुड्या मारून तळाच्या गाळात अडकलेला अंबर काढायच्या कामाला होता. एकदा खाली असताना हवेची नळी तुटली. बाकीचे वर आले, तो आला नाही. सापडलाच नाही. हे शेजारच्या चहावाल्या भैयानं सांगितलं. काकांनी कधीच नाही.

परवा मी सासूबाईंची तुटलेली अंबराची माळ घेऊन गेले. काकांनी एक मणी ग्लासात टाकला. तो तरंगला. त्यांनी बोटानं तो तळापर्यंत दाबला आणि सोडला. वर आला. पुन्हा दाबला. पुन्हा वर आला.

"काका, खराच आहे ना? मग काहून दाबून राहिले?"

त्यांनी दातातला दोरा काढला. "खराच आहे, दीदी. कितीही वेळ खाली ठेवा, वर येते."

मणी पुन्हा तळाशी गेला. या वेळी त्यांनी बोट लवकर उचललं नाही.