शेवंताचं नाव

त्या दिवशी खोलीत आम्ही पाच जन होतो. मी. माझी धाकटी जाऊ मंजुळा. माझा पोट्टा दिनकर. सिनेमा काढाले आलेली तनुजा. अन् तिचा कॅमेरावाला. मंजुळा आता नाही. बाकीच्यायले मी हे कधी सांगितलं नाही — कोनालेच नाही. चौथी शिकलेली बाई मी. तरी लिहून राहिली.

तनुजा इथलीच, रायपूरच्या बुढापारा मोहल्ल्यातली. लगीन करून कॅनडात गेली, तिकडचीच झाली. बायकायच्या हालावर सिनेमे काढते. रायपूर नवीन नवीन राजधानी झालं होतं, गुढियारीत आमची गल्ली पार खोदून ठेवलेली. त्या धुळीतून ती आली. म्हने, "काकू, माझ्या पोट्टीले जातं म्हंजे काय, ओवी म्हंजे काय, काहीच माहीत नाही. तुम्ही म्हना, मी तिकडं नेते."

पलंगाखालून जातं काढलं. मी अन् मंजुळा समोरासमोर बसलो, एका खुंट्यावर दोघींचे हात. दिनकर हसून राहिला होता, "आई, तू तो हिरोईन बन गई!"

मंजुळानं आवाज लावला. ओवी तिनंच जोडलेली —

जात्या बाई फिर फिर, घास दान्याचा घेई,
शेवंता माझी बाई, तापात हाका देई.

तेवढ्यात मालगाडीनं भोंगा मारला. कॅमेरावाला म्हने, "खराब हो गया, फिर से." अन् तनुजानं सहज विचारलं, "शेवंता कोन, काकू?"

मंजुळानं माझ्याकडं पाहिलं.

थांबा — आधी हे सांगते. ओवीत आपल्या मानसाचं नाव घालतात. भावाचं, लेकराचं. मंजुळापाशी शेवंताचा फोटो नव्हता, झबलं नव्हतं. नाव होतं फक्त, तेही जात्यावरच घ्यायची. घरात कोन घेऊ देत होतं?

शेवंता तिची पोट्टी. तीन वर्षाची. दिनकरच्या जावळाच्या दिवशी तापानं फनफनली. मंजुळा माझ्या मागं मागं फिरे, "जाऊबाई, दवाखान्यात न्याले कोनाले तरी सांगा नं." घरात माझा शब्द चाले. पाहुने पंगतीत बसले होते. मी म्हटलं, "पोट्टीच तर हाय. उतरन ताप. पुऱ्या लाट तू."

तिनं लाटल्या.

पाहुने गेले तवा पोट्टी थंड पडली होती. लोकायले आम्ही सांगितलं, एकाएकी गेली.

मग तनुजाले मी काय सांगितलं? "कोनी नाही. गान्यातलं नाव हाय." दिनकर समोर होता नं — त्याले कसं सांगू, तुह्या पंगतीपायी...? पन हा बहाना झाला. दिनकर नसता, तरी मी हेच म्हटलं असतं.

कॅमेरा परत सुरू झाला. मंजुळानं तोंड उघडाच्या आधी मीच गायले. तिचीच ओवी. "दिनकर माझा राजा, दारात हाका देई." अडखळले? नाही. एकदाही नाही. दिनकर लाजला. तनुजाचे डोळे भरून आले. अन् मंजुळा — तिनं खुंटा सोडला नाही. खाली मान घालून माझ्यासंग फिरवत राहिली. पीठ पडत राहिलं.

त्यानंतर ती जात्यावर कधी गायली नाही. काहून, हे मी विचारलं नाही. मले माहीतच होतं.

तनुजानं कळवलं, तिकडं बायका तो सिनेमा पाहून रडल्या. माझ्यासाठी रडल्या, म्हने — लेकाच्या मायेची ओवी!

तो सिनेमा कधी तुमच्यापुढं आला, तर जात्यापाशी मी "दिनकर" म्हनते, तिथं तुम्ही "शेवंता" म्हना. मोठ्यानं म्हना.