दिवाणजींची मिशी

भादव्याचं ऊन सकाळी आठालाच चटके देत होतं. रात्रीच्या पावसाची समोरच्या गोडाऊनच्या पत्र्यांवर वाफ होत होती. राहनाळ गावातल्या घराच्या ओटीवर बसून हिरामण तरे ओल्या फडक्याने अळूची पानं पुसत होता. पितरांचा पंधरवडा, आणि आज आबांची, म्हणजे त्याच्या बापाची तिथी.

फोन वाजला. रंजिता, मालिकांना नट मिळवून देणारी.

"काका, परवा एक दिवसाचं काम आहे. कोर्टातला पट्टेवाला. मिशी आहे ना अजून?"

"आहे की."

"काढू नका हां!"

ही मिशी हिरामणने बावीस वर्षं पोसली होती. तिच्या जोरावर तो हवालदार झाला, सरपंचाचा चमचा झाला, हिरोचा पहिला ठोसा खाणारा गुंड झाला. जवळच्या नारपोलीत पॉवरलूमवरची माणसं हाक मारायची, "ओ मुच्छड चाचा, आज किसका मार खाया?" नाव कुणाला ठाऊक नव्हतं, पण थोबाड ठाऊक होतं. मग एका मालिकेत तो दिवाणजी झाला, रोज दिसायला लागला. त्याच वर्षी आबा गेले.

दहाव्याला खाडीवर न्हावी वस्तरा घेऊन बसला. थोरल्याने डोकं, दाढी, मिशी सगळं उतरवायचं. शूटिंगवाल्यांनी आदल्या दिवशीच बजावलं होतं : डोक्यावर पगडी आहे, टक्कल चालेल, मिशी गेली तर कंटिन्यूटी गेली, आधीच्या भागांशी चेहरा जुळायचा नाही.

"डोकं कर. मिशी राहू दे," हिरामण म्हणाला.

न्हाव्याने वस्तरा खाली ठेवला. "आसा अर्धा न्हाय व्हत, हिरामणशेट."

धाकटा केसरीनाथ पुढे आला, भावाच्या जागेवर बसला आणि मान खाली घातली. आबांना पाणीही त्यानेच दिलं.

तीन आठवड्यांनी मालिकेतली सून बोलून गेली, "दिवाणजी गावाला गेले." ते काही परत आले नाहीत. हिरामणला हे घरी टीव्ही बघताना कळलं.

याला आठ वर्षं झाली. आबांचं पान तेव्हापासून केसरीनाथच मांडतो.

फोन ठेवून हिरामण मोरीत गेला. बाहेर आला तेव्हा काळ्या तोंडावर ओठापुरती गोरी पट्टी उघडी पडली होती. म्हाताऱ्या रंगूबाईने डोळे बारीक केले.

"ह्यो कोन आयलाय?"

"मीच, आई." मग तो भावाकडे वळला. "केसरी, यंदा आबांचं पान मी मांडू?"

केसरीनाथ केळीचं पान धूत होता. स्वच्छ झालं तरी धूतच राहिला.

"दादा, त्या दिवशी काढायची व्हती. आज काय, मोरीमदी कोन पन काढतो."

"चुकलो रे."

"मना म्हाईत हाय. पन पान मीच मांडनार. तू ती पानां पूस, वड्या ऱ्हायल्यान आजून."

हिरामणचा हात सवयीने मिशीला पीळ द्यायला वर गेला, तसाच खाली आला. ओटीवर बसून त्याने अळूचं पुढचं पान उलटं केलं आणि शिरा पुसायला घेतल्या.