मामांची नजर आणि निकोबारी अंडं

माझ्या बायकोच्या मामांइतका अस्वस्थ माणूस अख्ख्या जर्मनीत दुसरा नसेल. न्युरेम्बर्गच्या कारखान्यात जन्म काढलेले इंजिनिअर, आता निवृत्त. पण चहाचा कप कधी बसून संपवला नाही. आम्ही गप्पा मारायला गेलो की मामा बूट चढवून उभे. कुठे जायचं ते नाड्या बांधून झाल्यावर ठरायचं. "अहो, लग्नात पाटावर तरी टिकलात का?" मामी म्हणायच्या. म्युनिकला राहणारी त्यांची लेक तर रुसलेलीच. पप्पांनी लहानपणी तिला चारचौघांत सदा ‘काळं माकड’ म्हटलं, गोड असं कधी म्हटलंच नाही, ही तिची तक्रार.

दोन हजार पाच-सहाच्या सुमारास हे मामा एकाच ठिकाणी खिळून उभे राहत: गावाबाहेरच्या छोट्या पक्षिउद्यानात, निकोबारी कबुतरांच्या काचेसमोर. "स्टेशनवरची कबुतरं नव्हेत ही! बेटांवरची आहेत, तिथंही कमी होत चाललीत," ते मला दटावत. हिरवी-तांबूस झळाळती पिसं, गळ्याशी झालर, इवलीशी पांढरी शेपूट. अंडं घालणार तेही एकच. पहिलं अंडं दिसलं तेव्हा मामांनी येणाऱ्याजाणाऱ्याला हात धरून ते दाखवलं, तोंडभर कौतुक केलं. ते अंडं वाया गेलं.

"माझीच नजर लागली," मामा म्हणाले, आणि कितीतरी दिवस घरभर येरझाऱ्या घालत राहिले.

दुसरं अंडं आलं तेव्हा त्यांनी मीठ-मोहऱ्यांची मूठ काचेवरून उतरवली. "आल्यागेल्याची, घरच्यादारच्याची, माझी..." रखवालदाराला वाटलं, म्हातारा पाखरांना काहीबाही खायला घालतोय. मामांना हाउसफेरबोट, म्हणजे प्रवेशबंदी, मिळालं. उद्यानाचं दार बंद. मग दर रविवारी अंड्याची खबर आणायला ते मला पिटाळत.

एका रविवारी पिल्लू बाहेर आलेलं दिसलं. मी रखवालदाराला दृष्टीचं प्रकरण समजावलं. "आल्झो, बरं तर, आणा त्यांना," तो हसत म्हणाला, "खिसे मात्र रिकामे." दुसऱ्या दिवशी मी मामांना घेऊन गेलो. ते फाटकाशीच थांबले.

"तूच बघून ये. माझी नजर नको."

मी परतलो तेव्हा थंडीत ते एका पायावरून दुसऱ्यावर होत होते. "कसं आहे?"

"खरं सांगू? काळं, बोडकं, अगदी कुरूप."

मामांचा चेहरा उजळला. "शाब्बास! सगळ्यांना असंच सांग." आणि पाठ फिरवून त्यांनी डोळे पुसले.

मला त्या क्षणी म्युनिकला फोन करावासा वाटला.