मेजरांची फिल्म

कोरेगावात बियाणं विकणाऱ्या एका कंपनीच्या ऑफिसात मी टायपिंगला होतो. दुपारच्या सुट्टीत आम्ही तिघं मोबाइलवर विनोदी फिल्म काढायचो. सुरुवातीच्या फिल्म दोन-दोन मिनिटांच्या. एकीत साहेब घाई करतात आणि नेमका प्रिंटरमध्ये कागद अडकतो. दुसरीत पंखा कुणी बंद केला यावरनं दिवसभर भांडण. लोक हसायचे, पुढं पाठवायचे.

तिसरी मेजरांवर काढली. मेजर म्हणजे माझ्या शेजारच्या टेबलावरचे, फौजेतनं निवृत्त होऊन आलेले क्लार्क; हुद्दा तो नव्हता, फौजी म्हणून सगळे मेजर म्हणायचे. काही विचारलं की आधी "काय?" म्हणायचे, मग भलतंच उत्तर द्यायचे. सोंग मीच घेतलं. मान वाकडी करून समोरच्याच्या तोंडाकडं टक लावून बघणं. शेतकरी भेंडीचं बियाणं मागतो, मी मका लिहितो.

बाकीच्यांना मेजर वेंधळे वाटायचे. मला खरं ठाऊक होतं. तोफखान्यात त्यांचे कान गेले होते. ओठ बघून ते बोलणं ओळखायचे आणि फोन वाजला की माझ्याकडं सरकवायचे. कुणाला बोलू नकोस, असं एकदा म्हणाले होते. मी कुणाला बोललो नव्हतो. फिल्म मात्र काढली.

ती फिरत फिरत मालकांपर्यंत गेली. ते हसले म्हणे. पण दुसऱ्या दिवशी त्यांनी मेजरांना केबिनमध्ये बोलावलं आणि खिडकीकडं तोंड करून काहीतरी विचारलं. मेजर नुसते उभे राहिले. त्याच आठवड्यात त्यांना घरी बसवलं.

महिन्याभरानं मी आष्ट्याला त्यांच्या गावाकडच्या घरी गेलो. दार त्यांच्या बायकोनं उघडलं. मी कोण ते सांगितल्यावर ती आत गेली ती बाहेर आलीच नाही. मेजर बाहेरच्या सोप्यात बसले होते. माफी मागताना माझी मान खाली गेली, तशी त्यांनी हनुवटीला धरून ती वर केली.

"तोंड वर कर. मला दिसंना."

मी पुन्हा सगळं बोललो.

"बगितली मी फिल्म," म्हणाले. "आवाज न्हाई कळला. पन लय बारीक बगितलंयस तू मला."

दुसरीकडं कुठं काम बघताय का, असं मी विचारलं. आता कोण ठेवणार, म्हणाले, आणि मला एसटीची वेळ सांगितली.

घरी येऊन मी फिल्म काढून टाकली. दुसऱ्यांच्या फोनमधनं ती निघाली नाही. गेल्या दिवाळीत साताऱ्यात एका पाहुण्यानं ती मलाच दाखवली. हा तूच ना, म्हणून हसला. मी हो म्हणालो.