वेगळी वाटी

साहेबांनी कॅमेऱ्याची रबराची वाटी रुमालात धरून ओढून काढली आणि वरूनच माझ्या हातावर टाकली. "ही तुझी. माझी वेगळी. मिसळू नकोस."

या वाटीला डोळा टेकवून कॅमेऱ्यातून बघायचं. डोळा घट्ट टेकला नाही तर मागून उजेड शिरतो आणि फिल्म खराब होते. पिंपरीच्या माळावर नवा कारखाना उभा राहत होता, त्याची डॉक्युमेंटरी चालली होती. साहेब मुंबईचे कॅमेरामन. मी त्यांचा असिस्टंट, दापोडीच्या महारवाड्यातला. फोकस मी लावायचा, शॉट त्यांनी घ्यायचा.

खरं सांगतो, आधी मला आनंदच झाला. स्वतःची वाटी मिळाली. घरी नेऊन दाखवली. आई म्हणाली, "त्यातनं बघाया देत्यात व्हय तुला?" मी छाती फुगवून हो म्हणालो. आठवलं की अंगाची आग होते.

वाटलं, डोळ्यांचं काम, स्वच्छता पाळत असतील. मग एके दिवशी इंजिनिअर आले, त्यांची बायको आली, पाहुणे आले. सगळ्यांनी हौसेनं साहेबांच्याच वाटीला डोळा लावला. रुमाल निघाला नाही. हॉटेलाबाहेर खिळ्याला टांगलेला आमचा वेगळा कप, तोच इथं आला होता.

पुढं साहेबांचे डोळे आले. लालभडक, चिकट, उघडता उघडेनात. नेमकं त्याच दिवशी मोठं यंत्र पहिल्यांदा सुरू व्हायचं होतं. साहेब म्हणाले, "आज शॉट तू घे. माझी वाटी लावलेली आहे ती राहू दे, बदलायला वेळ नाही."

म्हणजे त्यांच्या डोळ्यातला पू मला चालणार. माझा धड डोळा त्यांना चालत नव्हता.

त्यांची वाटी काढून मी त्यांच्या हातात दिली. माझी लावली. आयुष्यातला पहिला शॉट घेतला. हात हलला नाही.

"आता काढ ती, माझी लाव," साहेब म्हणाले.

"न्हाई काढणार. बघायचं तर हिच्यातनंच बघा."

"माजलास. उद्यापासून येऊ नकोस."

दापोडीपर्यंत चालत आलो. आईला सगळं सांगितलं. भाकरी थापता थापता तिचा हात थांबला. "बरं केलंस," म्हणाली. "पर हुन्नर सोडू नगंस."

सोडला नाही. साहेबांनी मुंबईत माझं नाव असं खराब केलं की बरेच दिवस कोणी उभं करेना. तरी उंबरे झिजवले. आज कॅमेरा माझ्या हातात आहे. बघू का म्हणालं कोणी, तर मालक असो की झाडूवाली, डोळा एकाच वाटीला लागतो. ज्याला चालत नाही, त्यानं बघू नये. आणि जिथं दोन वाट्या निघतील, तिथं माझा कॅमेरा पेटीतून निघणार नाही.